पिवळ्यात पिवळं

प्रिय ताई,

आणि हो, तो डबा नाहीये. कितीदा सांगायचं? त्याला मेक म्हणतात. आत माणूस बसतो आणि तो लोखंडी राक्षस चालवतो. परवा तू पुन्हा लिहिलंस, की एवढा घोडा झालास तरी मोबाईलच्या खेळातल्या पत्र्याच्या डब्याला हातपाय जोडत आणि रंग लावत बसतोस, त्यातून तुला मिळतं काय? बरं, बसतो. घरापासून इतक्या लांब, दिवसभर लाँड्रीत हॉटेलांच्या चादरी वाफेच्या रुळाखालून काढल्यावर माणसाने दुसरं काय करावं? कविता? मी बाबांची तब्येत विचारतो आणि तू डब्याला नावं ठेवतेस. परत विचारलं की फोटो पाठवतेस. फोटो पाठवला म्हणजे उत्तर देऊन झालं तुझं. ही तुझी जुनी खोड आहे. आई ओरडायला लागली की तू भांडी घासायला बसायचीस, म्हणजे कोणी तोंड उघडायची सोयच नाही.

आणि फोटो तरी कसले! स्टुडिओत कामाला लागलीस तेव्हा तूच हसत सांगायचीस, की गिऱ्हाइकांना हल्ली जुन्या रिळाचा फोटो हवा असतो. एक बटण दाबायचं. काळं फिकं पडतं, उजेड पिवळट होतो, वर बारीक वाळू पसरल्यासारखे दाणे येतात आणि कालची सहल आजोबांच्या काळातली दिसते. तू त्याला प्रीसेट म्हणायचीस, मी म्हणायचो सगळ्या भाज्यांना एकच मसाला. तू स्वतःचा एक बनवलास, त्याला ‘दुपार’ नाव दिलंस आणि लोकांनी तो विकतही घेतला. पण घरच्या फोटोंना कधी हात लावला नाहीस. घरचे आहेत तसेच भयंकर आहेत, म्हणायचीस, त्यांना कशाला मेकअप. मग आता एकाएकी काय झालं? बाबा दारात, ‘दुपार’. बाबा खुर्चीत, ‘दुपार’. आई मात्र कप घेऊन उभी आणि कप पांढरा स्वच्छ. एकाच घरात आईला वेगळा उजेड आणि बाबांना वेगळा, असं कुठलं घर आहे गं आपलं?

तेव्हा मला काही कळलं नाही. खोलीतला वेल्डर म्हणाला, तुझा बाप सिनेमातला वाटतो रे, आणि मी मूर्खासारखा छाती फुगवून सगळ्यांना फोटो दाखवत फिरलो.

आता डब्याचं ऐक, कारण सगळं त्याच्यापायीच उघडं पडलंय. मेक विकत मिळतो तो सगळ्यांचा सारखाच असतो. पुढे पाय कुठले, हात कुठले, वजन किती झेपेल, ते आपण ठरवायचं. पत्र्याला, म्हणजे माझ्या मेकला, इकडे येण्याआधी मी घरी उभं करत होतो तेव्हा मला त्याच्यावर आपल्या दाराचा रंग हवा होता. तोच, जो बाबांनी गॅरेजमधले गाड्यांचे उरलेले रंग एकात एक ओतून बनवला. निळा म्हणावं तर हिरवा, हिरवा म्हणावं तर राखाडी. आई त्याला आजारी समुद्र म्हणायची. खेळात रंगाच्या तीन पट्ट्या असतात, लाल, हिरवी, निळी. मी कितीही सरकवल्या तरी दार काही येईना. बाबा कामावरून आले, चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाले, लाल पार काढू नकोस बाळा, चिमूटभर राहू दे, नाहीतर रंग मेलेला दिसतो. त्यांनी स्वतः बोटाने पट्टी सरकवली. नखात पांढरा रंग होता. आणि आलं की दार! पत्र्याच्या डाव्या खांद्यावर तोच रंग आहे. तो खांदाही मी मुद्दाम दुसऱ्या मेकचा बसवला, जरा खाली उतरलेला. खेळातले आमच्या टोळीतले हसायचे, तुझा राक्षस भाजीची पिशवी घेऊन निघालाय म्हणायचे. गाड्या रंगवायचा कंप्रेसर ओढून ओढून बाबांचा खांदा तसा झालाय, हे त्यांना कशाला सांगू? तुलासुद्धा कधी सांगितलं नाही. तू डबा डबा करण्यातून कधी मोकळी झालीस?

रविवारी सुट्टी होती. बाबांचा दारातला फोटो उघडला आणि डोकंच फिरलं. दार शेवाळी दिसत होतं. म्हटलं, हिने तर दाराचीही वाट लावली, निदान तेवढं तरी सरळ करू. वेल्डरचा फोन मागून घेतला, त्यात पत्र्याचा खांदा मोठा करून ठेवला, शेजारी माझ्या फोनवर तुझा फोटो. पट्ट्या कशा ओढायच्या ते तूच शिकवलंयस. ऊब खाली. पिवळा खाली. काळं परत काळं. थोडं पुढे, थोडं मागे, शेवटी दार खांद्याला जुळलं. भिंत आपली झाली, उंबरा आपला झाला, आईच्या चपलांचा पट्टा निळा झाला. बाबा मात्र पिवळेच राहिले. त्यांचे डोळे, ताई. तो पिवळा तुझ्या बटणाचा नव्हता.

पिवळ्यात पिवळं लपवलंस! काय डोकं आहे गं तुझं! आणि फोनवर म्हणतेस, ऊन बाधलंय, भूक जरा कमी आहे. मग मी गॅरेजच्या मालकाला फोन लावला. तो आधी हवापाण्याचं बोलत राहिला. मी दोन शिव्या घातल्यावर म्हणाला, बाबा कधीचे कामावर नाहीत, पित्ताच्या नळीत खडा अडकलाय, डॉक्टरांनी लगेच ऑपरेशन सांगितलंय आणि पैसे जमेनात म्हणून तू तारीख पुढे ढकलतेस. वर म्हणाला, बहिणीने शपथ घातलीय, तुला कळलं तर काम टाकून पळत येशील.

बेकरीतलं काम टाकून पळालो, टायरच्या दुकानातलंही टाकलं, ठाऊक आहे मला, तो पाढा म्हणून दाखवू नकोस. पण म्हणून माझ्या बापाचा खरा रंग मला दाखवायचा नाही, हे ठरवणारी तू कोण? तू हॉस्पिटलच्या रांगेत उभी राहणार, रात्री येऊन त्यांना हसायला लावणार, फोटो काढणार, त्याला मसाला लावणार, आणि मी इकडे बापाला सिनेमातला म्हणत मिरवणार? एकटीनेच मोठं व्हायचं होतं तर मला भाऊ कशाला म्हणतेस? खडा रंगवून विरघळतो का? मला इतका राग आलाय, की समोर असतीस तर तुझा फोन त्या रुळाखाली घातला असता.

मी पळून येत नाहीये. तिकिटासाठी साठवलेले पैसे काल आईच्या नावावर वेगळे पाठवले, ते औषधांना ठेव. पत्र्यालाही खऱ्या पैशांना विकलं, ते ऑपरेशनला. एका दंतवैद्याने घेतला. पायांसाठी घेतला म्हणे, तसे पाय आता मिळत नाहीत. मी खेळात जाऊन पाहिलं, तर पहिल्याच दिवशी त्याने डावा खांदा उपटून सरळ बसवलाय आणि सगळ्याला लालभडक रंग फासलाय. फासू दे. तू उद्याच तारीख घे, आणि बाबांना आत नेतील तेव्हा एक फोटो काढ, कुठल्याही बटणाला हात न लावता. जसे असतील तसे. मला बघता येतं. आणि तू विचारलं होतंस ना, त्या डब्यातून मिळतं काय? अठ्ठेचाळीस हजार.

तुझाच,
घोडा