बाहेर न बसलेले दोन महिने

पोंभुर्णा, ता. ९ ऑगस्ट १९५९

प्रिय मनकर्णाबाईस,

अन्नपूर्णाचा वाकून नमस्कार. इकडे सारे बरे आहेत. धानाचा रोवणा अर्धा आटोपला. नागपूरच्या दवाखान्यात तुले जेवाले तरी सवड भेटते का?

तू पाठवलेल्या गोळ्यायनं काम केलं. दोन महिने पाळी नाई, बाहेर बसणं नाई, शाळेत एक खाडा नाई. "दर महिन्याले चार दिवस मास्तरीण गायब, असं कसं चालन?" म्हणणारे शाळातपासणीचे साहेब हजेरी पाहून गुपचूप चहा पिऊन गेले.

पण बाई, मी बाहेर बसली नाई म्हणून इथी काय समजले असतीन? दिवस गेले! लग्नाले सहा वर्षं झाल्यावर! सासूबाईनं मले न विचारता चोरओटी भरली. चोरओटी म्हणे, अन् शेजारची गुणाबाई साऱ्या आळीले सांगून आली! वरून हुकूम सुटला, "आता नाल्यापल्याडची शाळा बंद. पोटुशी बाई नाला ओलांडत नाई." ज्या नोकरीसाठी गोळ्या खाल्ल्या, थेच नोकरी जाऊन राह्यली. असा संताप येते का बोंबलावं वाटते.

तवाच काऊन नाई सांगतलं, म्हणशील. सासूबाईनं भावाची पोरगी ह्यांच्यासाठी पाहून ठेवली होती, दुसरी बायको म्हणून. कायद्याले इथी कोण पुसते? ओटी भरली अन् थे बोलणं थांबलं. अन् खरं सांगू? ओटीत नारळ पडला तवा माझाच हात पोटावर गेला. सारं ठाऊक असून! माझी मलेच लाज वाटली.

म्हणून गोळ्या बंद केल्या. काल बाहेर बसली. सासूबाई कपाळ धरून रडल्या, "माह्या लेकीचं पडलं वं," म्हणे. आजवर कधी लेक म्हटलं नव्हतं. मले सोसवलं नाई, सारं सांगून टाकलं. त्या उठून आत गेल्या.

आज सांजच्याले हे आले. मान खाली घालून म्हणाले, "माय म्हणते तर उद्या पोरगी पाहून येतो."

मी म्हटलं, "जा. मी बी उद्या शाळेत जाऊन राह्यली. तिसरा दिवस असला तरी."

गोळ्या आता पाठवू नको. पत्र मात्र पाठव, अन् पत्ता घरचा नको, शाळेचा घाल.

तुझी बहीण,
अन्नपूर्णा मास्तरीण