वाघोबापुढची शपथ

चैत्र शु. ११, शके १८३४. जव्हार.
सूर्यमाळचा जान्या आला. मुलाच्या लग्नाला पेढीतून कर्ज काढलं होतं. बापलेकांनी पेढीच्या शेटच्या रानात गवत कापून ते फेडलं, असं त्याचं म्हणणं. पावती नाही. मजुरीची पावती इथे कोण देतो? पेढी म्हणते, बाकी आहे. घरावर जप्ती. घर कुडाचं, पण खांब सागाचे, त्याच्या आजानं उभे केलेले. पेढीला खांब हवेत. वकीलपत्र घेतलं, जप्तीविरुद्ध अर्ज टाकला.

चैत्र व. २.
सुनावणी. पुरावा दोन्हीकडे तोंडीच. पेढीचा मुनीम हसत म्हणाला, जान्यानं वाघोबाच्या दगडाला हात लावून ‘माझ्या घरानं फेडलं’ म्हणावं, आम्ही दावा सोडतो. मुन्सफांनी लगेच लिहून घेतलं. मी मान्य केलं. जान्या मागे बसला होता, त्याला विचारलं नाही. खरं बोलणाऱ्याला शपथेचं काय? जिंकलो असं वाटलं. घरी सौ.ला तसं सांगितलंही.

चैत्र व. ३.
जान्या शपथ घेणार नाही. पुष्कळ समजावलं. शेवटी विचारलं, खोटं बोलतोस का? रागावला नाही.
“फेडला हाय, दादा. पन वाघोबापुढं घराचा नाव काढला का तो घर वळखतो. खरा असो, खोटा असो.”
सून, सोमी, पोटुशी. पाड्यावरचं पाणी आटलंय. रानातल्या झऱ्यावर एकटी उतरते. एवढं सांगून उठला.

चैत्र व. ६.
कोर्टात हे मांडलं. माझ्या तोंडी ते पोकळ वाटलं. नोंद झाली: अर्जदार शपथ नाकारतो. मुन्सफांनी मुनिमाला विचारलं, तू घेशील? तो सुरतेकडचा.
“घेतो की, साहेब. आमचा वाघाशी काही व्यवहार नाही.”
सगळे हसले. बहुधा मीही.

चैत्र व. ८.
गावाबाहेरचा वाघोबा. ताजा शेंदूर. मुनिमानं जोडे काढले, दगडाला हात लावला. सूर्यमाळचा जान्या, त्याच्या घराकडे बाकी आहे, असं मोठ्यानं म्हणाला. जान्या आला नव्हता. मी होतो.

वैशाख शु. १.
अर्ज फेटाळला. जप्तीला स्थगिती मागितली, नाही. दरबारात अपील करू म्हणालो. जान्यानं मान हलवली. कशाला हो म्हणाला, कळलं नाही.

वैशाख शु. ९. सूर्यमाळ.
पोचायला उशीर. खांब गाडीत चढले होते. खांबांच्या जागी खड्डे, कूड जमिनीवर आडवा. चूल मात्र होती तिथेच, उघड्यावर. सोमी भाकरी थापत होती. जान्या अपिलाचं विचारील म्हणून वाटभर उत्तर जुळवलं होतं. त्यानं मला बाजूला नेलं.
“मुनिमानं तिथं माझा नाव घेतला का?”
“नाही.”
“घराचा?”
“नाही.”
बरा झाला, म्हणाला. सोमीनं पाणी आणून दिलं. हंडा अर्धाच होता. प्यालो.

वैशाख व. ५. जव्हार.
अपिलावर काही नाही. कारकून म्हणतो, पावसाळा सरल्यावर पाहू. तोवर ती माणसं कुठे...
सूर्यमाळकडून कोणी बाजाराला आलं की आधी त्याचं तोंड पाहतो. मग सोमीचं विचारतो.