गळलेली संत्री

मलप्पुरम, १२ जानेवारी २०२५

ती. रश्मीताईस,
सविनय जयभीम.

पत्र पाहून हसू नकोस. सीझन संपेपर्यंत मॅनेजरने आमचे मोबाइल जमा करून घेतले आहेत, म्हणून तुझ्या मास्तरकीला घाबरत जपून लिहितो आहे. इथे आम्हा बाहेरून आलेल्या फुटबॉलवाल्यांवर एक फिल्म झाली. मणिपूरचे दोघं, नायजेरियाचा एक आणि तुझा गोलकीपर भाऊ. ज्याने त्याने आपली कहाणी सांगितली. माझीच जास्त आवडली म्हणे! फिल्म करणाऱ्या करुणा मॅडम ती तुझ्या मोबाइलवर पाठवतील, आईबाबांना दाखव. गुडघा बरा आहे, भात मात्र घशाखाली उतरत नाही.

इथे कान धरायला कोणी नाही, तेव्हा माया करत राहा आणि रागावतही राहा.

तुझा
प्रफुल्ल


पांढुर्णा, २० जानेवारी

चि. प्रफुल्ल,
सप्रेम जयभीम.

तुझं पत्र बाबांनी शेजारीपाजारी वाचून दाखवलं. आई म्हणाली, पोरगं वाळून राहिलं असन, भाताने कुठं पोट भरते.

फिल्म आली, पण मी उघडली नाही. रविवारी विहारात सगळ्यांसोबतच पाहणार. त्यात माझा स्वार्थ आहे. शाळेतल्या मुलींचा फुटबॉल संघ उभा केला आहे, जबलपूरच्या स्पर्धेला न्यायचा आहे आणि एकेकीचा बाप अडून बसला आहे. मास्तरीण स्वतः कधी खेळली हाये का, असं आमच्या गोलकीपर तेजस्विनीच्या बाबांनी तोंडावर विचारलं. मी म्हटलं, रविवारी या, माझ्या भावाच्या तोंडून ऐका. आईबाबा बगीच्यात तोडणीला असायचे, तेव्हा मी गळलेली संत्री तुझ्याकडे फेकायचे. न फुटू देता झेलायची, फुटलं की बगीच्याला चक्कर. ते सांगितलंस ना? तूच माझा वकील.

आमची माया आहेच, तुझी तिकडच्या समुद्रात बुडवू नकोस.

तुझी ताई
रश्मी


पांढुर्णा, २८ जानेवारी

प्रफुल्ल,
जयभीम.

विहार भरला होता. तू पडद्यावर आलास तेव्हा टाळ्या पडल्या. मग तू सांगितलंस की पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, गोटमारीच्या दगडफेकीत, नदीपलीकडच्या सावरगावकडून येणारे दगड झेलता झेलता तू गोलकीपर झालास. शिकवायला कोणी नव्हतं. आणि आमच्याकडे पोरी मैदानात उतरतच नाहीत, असंही म्हणालास.

गोटमारीला आई तुला दरवर्षी रामाकोन्याला मामाकडे नेऊन ठेवायची. तू एक दगड पाहिला नाहीस.

तेजस्विनीचे बाबा उठले. म्हणाले, घ्या, सख्खा भाऊच सांगून राहिला. त्यांच्यामागे बाकीचेही पोरींना घेऊन निघाले. जबलपूर गेलं, संघही गेला. बाबांनी मान वर केली नाही. मी पडद्याची चादर काढून घडी केली आणि घरी आले.

रश्मी


मलप्पुरम, ६ फेब्रुवारी

ती. ताईस,
सविनय जयभीम.

तू उगाच मनाला लावून घेतलंस. तुझ्याबद्दल मी खूप बोललो होतो, त्या लोकांनी कापलं. दगडांचंही त्यांनीच काढलं. पांढुर्णा म्हटलं की सगळ्यांना तेच हवं असतं. फिल्मवाल्यांपुढे आपलं काय चालतं? फिल्म पाहून एका मोठ्या क्लबने मला विचारलं आहे. आता काही बोलायला गेलो तर हातचं जाईल. मुलींचं काय, पुढच्या वर्षी पुन्हा जमतील. तू समजूतदार आहेस.

लोभ कमी होऊ देऊ नकोस.

तुझा
प्रफुल्ल


पांढुर्णा, १७ फेब्रुवारी

प्रफुल्ल,
जयभीम.

करुणा मॅडमना मी फोन केला. भल्या बाई आहेत. त्यांनी तुझं न कापलेलं सगळं बोलणं पाठवलं. मी आणि बाबांनी ते शेवटपर्यंत पाहिलं.

त्यांनी तुला विचारलं, इतके मऊ हात कुठून आले, कोणी शिकवलं. पुन्हा पुन्हा विचारलं. घरी मोठी बहीण आहे ना, असंही म्हणाल्या. तू संघातल्या पोरांकडे पाहिलंस, हसलास आणि म्हणालास, ती काय शिकवणार, तिच्या हातच्या भाकरी खाल्ल्या तेवढंच.

बाबांनी मोबाइल माझ्या हातातून घेऊन बंद केला. म्हणाले, पोरगं दूर गेलं याचं काही नाही बाई, लबाड झालं.

मोठ्या क्लबात जा. मी कुठे बोलणार नाही, तुझं पोट त्यावर आहे. पण मला समजूतदार म्हणू नकोस, मी रागाने जळते आहे. तेजस्विनी शाळेत दिसते तेव्हा मान खाली घालून जाते. तिचे हात तुझ्यापेक्षा मऊ होते.

मृगाचा बहार तोडणीला आला आहे. आई विचारत होती, प्रफुल्लले पेटीभर संत्री पाठवू का. मी म्हटलं, नको. त्याला दगड झेलायची सवय आहे.

रश्मी