तुळशीपलीकडचा गोल

एडिसन, १२ ऑगस्ट २०२४

चि. विष्णू,
अ. उ. आ.

फोन सोडून पत्र कशाला, असं म्हणशील. फोनवर बोलले की सूनबाई ऐकते, आणि फॅमिली ग्रुपवर टाकलं की संध्याकाळपर्यंत सगळ्या ओक ट्री रोडला कळतं. गोष्ट गुप्त आहे. माझी तुळशीची कुंडी फुटली, आणि ती शेजारच्या ट्रायनकाकांच्या डाव्या पायाने फुटली.

काका एक्क्याण्णव वर्षांचे. माझ्याहून बाराच वर्षांनी मोठे, पण इथल्या मराठी मंडळातली पोरं काका म्हणतात म्हणून मीही म्हणते. मूळचे रोमानियाचे. पन्नासच्या दशकात तिकडे फुटबॉलमध्ये फॉरवर्ड होते. दिवसा रेल्वेच्या वर्कशॉपमध्ये फिटर, संध्याकाळी त्याच वर्कशॉपच्या संघात. लोक त्यांना मांजर म्हणत, कारण पाठीमागून येऊन गोल कधी करून जायचे ते कुणाला कळायचं नाही. पुढे सैन्याच्या संघाने बोलावलं. मित्रांना सोडून हे गेले नाहीत, तर शिक्षा म्हणून दोन मोसम घरी बसवलं. परत आले, देशाकडून एकच सामना खेळले, एक गोल मारला आणि त्याच सामन्यात गुडघा गेला. मग इथे अमेरिकेत येऊन जन्मभर स्कूलबस चालवली. हे सगळं माझ्याकडे चहा घेताना सांगतात. पहिल्या कपाला त्या गोलच्या आड दोन खेळाडू असतात, दुसऱ्या कपाला पाच होतात आणि पाऊसही यायला लागतो.

आता काळजीचं सांगते. त्यांची मुलगी कोरीना ओहायोत असते. बाप एकटा राहतो म्हणून तिने तिकडे वृद्धाश्रमात खोली बुक केलीय, आणि पुढच्या महिन्यात ती न्यायला येतेय. काका अजून बॉल मारतात हे कळलं तर तिला आयतंच निमित्त मिळेल. म्हणून कुंडी माझ्या हातून पडली, असं मी सगळ्यांना ठोकून दिलंय. तुझे भाऊजी गेल्यापासून माझी संध्याकाळ जाता जात नव्हती. काका गेले तर मला अजिबात करमायचं नाही रे.

लोभ असू दे आणि तोंड बंद असू दे.
तुझी ताई,
नीलांबरी

फ्रीमाँट, २० ऑगस्ट २०२४

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र मिळालं. ताईंनी काय लिहिलंय म्हणून सुमेधाने विचारलं, तर मी घाईत लोणच्याची रेसिपी म्हणून सांगितलं. आता बायको शेजाऱ्यांच्या झाडाची लिंबं जमवत बसलीय.

ताई, मी आयुष्यभर चिप डिझाइन केल्या, मला फसवणं कठीण. तुझी तुळस मागच्या दाराच्या पायरीवर असते. दाराच्या दिशेने कुणी बॉल कशाला मारेल? तिथे गोल मानला असेल तरच. आणि गोल म्हटला की त्यात कुणीतरी उभं असणार. काका स्वतःच मारून स्वतःच अडवायला धावत नसतील. हॉस्पिटलात जन्मभर लोकांना भूल दिलीस म्हणून मलाही देशील असं वाटलं का? या वयात हाडं मोडून घेऊ नकोस बाई.

कोरीना येईल तेव्हा गणपती असतील. मंडळात काकांचा सत्कार घडवून आण. आपला बाप इथे चार माणसांत आहे हे तिने डोळ्यांनी बघू दे. फक्त तुमच्या मंडळाच्या अध्यक्षाला, प्रतापला, भाषण आटोपशीर करायला सांग.

काळजीत भर पडली तरी लोभात घट नाही.
तुझा,
विष्णू

एडिसन, १६ सप्टेंबर २०२४

चि. विष्णू,
अ. उ. आ.

हो, मीच उभी राहते. कोपरं आत, बॉल छातीशी, असं काका रोज ओरडून शिकवतात.

शनिवारी सत्कार झाला. कोरीना पहिल्या रांगेत माझ्या शेजारी होती. प्रतापने आटोपशीर बोलता बोलता काकांच्या देशासाठीच्या एका गोलचे चाळीस केले. काकांनीही खुशाल मान डोलावली. मग शाल पांघरली आणि हातात नारळ दिला. सत्काराच्या नारळाचं काय करायचं हे आपल्याला न शिकवता कळतं, त्यामुळे काकांना ते सांगायला हवं हे आमच्यातल्या एकालाही सुचलं नाही. टाळ्या थांबत नव्हत्या. काकांनी नारळ निरखून पाहिला, शेंडी वर करून खाली ठेवला आणि शालीसकट दोन पावलं मागे गेले.

नारळाला पाय लागला तर मंडळ मला वाळीत टाकणार, आणि पाय मोडला तर ओहायो ठरलेलंच. नऊवारी सावरत स्टेजवर चढले आणि नारळापुढे हात पसरून उभी राहिले. काका हसले. वाकून त्यांनी नारळ उचलला आणि माझ्याकडे फेकला. मी झेलला, कोपरं आत, अगदी छातीशी.

सगळा हॉल हसला. कोरीना तेवढी हसली नाही. नंतर मला बाजूला घेऊन तिने विचारलं की असं झेलायला कुणी शिकवलं. मी नवी थाप शोधत होते, तेवढ्यात तीच सांगायला लागली. ती लहान असताना, बस चालवून दमून आलेला बाप रोज तिला हेच शिकवायचा. आई गेल्यावर त्याने बॉलला पाय लावला नाही, असं ती आजवर समजत होती. बोलता बोलता रडायला लागली. मग मीही रडले, आणि कुंडीचं खरं काय ते सांगून टाकलं.

काल तिने ओहायोचं बुकिंग कॅन्सल केलं. काका इथेच राहणार. दर महिन्याला ती येणार आहे, आणि तिची एकच अट आहे, की मी तुळस तिथून हलवावी.

आनंदात आहे, तशीच माया ठेव.
ताई

फ्रीमाँट, २४ सप्टेंबर २०२४

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

लिंबाच्या तीन पिशव्या घरात आल्यावर सुमेधाला सगळं सांगावं लागलं. आधी ती माझ्यावर चिडली, मग तुझं पत्र वाचून तिने डोळे पुसले. तिने गोलकीपरचे दोन जोड हातमोजे पाठवलेत, एक तुझा, एक कोरीनाचा.

थँक्सगिव्हिंगला आम्ही दोघं येतोय. काकांना सांग, डावा पाय तयार ठेवा. दुसऱ्या कपाला गोलच्या आड पाच खेळाडू असतात ना, तिथे सहावा मी उभा राहीन.

लोभ आहेच, आता बॉलही येऊ दे.
विष्णू