बाबा, बातमी खरी आहे का?

१२ मार्च, गुरुवार. आल्मेरे, नेदरलँड्स.
बाबांना येऊन आठवडा झाला. पुण्याहून येताना सामान कमी, मतं जास्त. सकाळी चहाबरोबर टॅबलेट, त्यावर मराठी चॅनेल आणि निवेदिकेशी एकतर्फी भांडण. 'प्रश्नचिन्ह टाकलं की काहीही खपतं यांचं.' नोकरीभर वर्तमानपत्राच्या पहिल्या पानाचे मथळे केले, आता माझ्या सोफ्यावर बसून दुसऱ्यांचे दुरुस्त करतात. निखिल त्यांना 'संपादकसाहेब' म्हणतो. जावई आहे म्हणून चालतं. मी म्हटलं असतं तर ऐकून घ्यावं लागलं असतं.
२८ला त्यांची पंचाहत्तरी. माझा भाऊ अभि न्यूजर्सीहून येतोय, बायको सायली आणि लेक ईराला घेऊन. ईरा दोन वर्षांची झाली, आणि बाबांनी नातीला अजून फक्त स्क्रीनवर पाहिलंय.

१५ मार्च, रविवार.
'माझ्यासाठी एवढं काही करू नका,' असं बाबा म्हणतात. आणि औक्षणाला कणकेचे दिवे की पणत्या, यावर माझ्याशी तासभर चर्चा. आई असती तर एका वाक्यात गप्प केलं असतं.
रेवाने स्वतःची खोली आवरली. आमच्या लेकीने. न सांगता. 'ओपा, ईरा विल स्लीप विथ मी, ओके?' ओपा म्हणजे आजोबा मराठीत उत्तर देतात, ही इंग्लिशमध्ये बोलते, मध्येच डच, आणि दोघांचं छान चाललेलं असतं.

१७ मार्च, मंगळवार.
अमेरिकेचे अध्यक्ष विमानात चढता चढता पत्रकारांना काहीतरी बोलले. वर्क व्हिसावाले देशाबाहेर गेले तर त्यांना परत घेताना विचार करावा लागेल, असं काहीसं. ऑफिसमधून निघताना फोनवर मथळा होता, 'भारतीयांना अमेरिकेची दारं बंद?' ट्रेन आल्मेरेला पोचेपर्यंत प्रश्नचिन्ह गेलेलं. डच बातम्यांत अर्धा मिनिट, मग हवामान.
अभि वर्क व्हिसावरच आहे.
बाबा आज निवेदिकेशी एकदाही भांडले नाहीत.

१८ मार्च, बुधवार.
अभिचा फोन. कंपनीच्या वकिलाने कळवलंय, चित्र स्पष्ट होईपर्यंत शक्यतो प्रवास टाळा. 'शक्यतो' म्हणजे काय, ते वकीलही सांगेना. बाहेर अडकला तर नोकरी गेली, आणि घर तर आत्ताच घेतलंय.
अध्यक्षांच्या प्रवक्त्याने नंतर सांगितलं म्हणे, ते फक्त नवीन अर्ज करणाऱ्यांबद्दल होतं. पण मला ते शोधून काढावं लागलं. बाबा म्हणाले, 'खुलासा आतल्या पानावरच असतो गं.'
डोकं उठलंय. भाजी करपली.

१९ मार्च. पाडवा.
बाल्कनीत गुढी. वारा असा की निखिल सकाळभर तिला दोरीने बांधतोय. श्रीखंड बरं झालं.
बाबांनी निखिलला अध्यक्षांचं सगळं बोलणं छापून आणायला लावलं आणि भिंग घेऊन बसले. दुपारी म्हणाले, 'वाक्यात "कदाचित" आहे. आपल्यापर्यंत येताना गळलं.' मग थोड्या वेळाने, 'मथळ्यात बसत नाही ते. आम्हीही काढायचो.'
निखिल : मग अध्यक्षांना हे माहीत नसतं का?
'चांगलं माहीत असतं. ते काढलं जाणार हे धरूनच बोलतात. त्यांना मथळा मिळतो, चॅनेलला प्रेक्षक मिळतात. दोघांचं भागतं.'
भागतं खरं. त्या दोघांच्या मध्ये माझा भाऊ लटकलाय.

२२ मार्च, रविवार.
अभिने आज सरळ बाबांनाच विचारलं. 'बाबा, तुम्ही जन्मभर हेच केलंत. बातमी खरी आहे का सांगा. तुम्ही म्हणाल तसं करतो.'
बाबा म्हणाले, 'उद्या सांगतो.'
संताप आला. एवढा मोठा घोडा झालाय आणि ओझं कोणावर टाकतो, तर बाबांवर. निखिलला म्हटलं तर तो म्हणे, त्याचा विश्वास आहे त्यांच्यावर. मग त्याच्याशीही भांडले. तो भांडी घासत ऐकत राहिला, त्यामुळे भांडण नीट झालंच नाही.

२३ मार्च, सोमवार.
बाबांनी स्पीकरवर फोन लावला. मी घरूनच काम करत होते, सगळं ऐकलं.
'वृत्तसंपादक म्हणून विचारत असशील तर बातमीत दम नाही. बिनधास्त ये. बाप म्हणून विचारत असशील तर येऊ नकोस.'
अभि म्हणाला, 'मग मी कोणाचं ऐकू?'
'ते मला नाही सांगता येणार, बाळा.'
बाळा म्हणाले. लग्न झाल्यापासून त्याला तसं कधी म्हटलं नव्हतं.
नंतर मी चिडून म्हटलं, एवढी खात्री आहे तर 'ये' म्हणून मोकळं व्हायचं. तर म्हणाले, 'अगं, पेपरात चुकलो तर दुसऱ्या दिवशी दुरुस्ती छापायचो. इथे चुकलो तर कुठे छापू?'
 त्यांच्या शेजारी जाऊन बसले नुसती. फार जीव आहे माझा या माणसावर, आणि हे त्यांना तोंडावर सांगायची आमच्या घरात पद्धत नाही.

२५ मार्च, बुधवार.
अध्यक्ष आज वेगळ्याच विषयावर बोलले. झालं, सगळी चॅनेल त्यामागे. व्हिसाचं काय झालं, खरं होतं की खोटं, कोणी सांगेना. विषय संपला असंही नाही, नुसता सोडून दिला.
सायलीचा मेसेज : ताई, बॅगा भरल्यात. तिकीट रद्द केलेलं नाही. अभि बोलत नाहीये.
बाबांना दाखवला. त्यांनी वाचला आणि रेवाबरोबर तळ्याकाठी चालायला गेले.

२७ मार्च, शुक्रवार. सकाळ.
अभिचा फोन बंद. सायलीचाही. विमानात बसले असतील तर बंदच असणार. ठरवलं नसेल आणि सांगायचा धीर होत नसेल, तरी बंदच असणार.
ऑफिसला दांडी. बाबा अंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून तयार. टॅबलेटला हातही लावलेला नाही. एअरलाइनला विचारून बघते म्हटलं तर, 'नको. स्किपोल विमानतळावर गेल्यावर कळेलच की.' सगळ्या गावाच्या आधी बातमी हवी असणारा हा माणूस.
मग स्वतः शेजारच्या मारेकेकडे गेले. तोडक्यामोडक्या इंग्लिशमध्ये तिच्या नातवाची कारमधली लहान मुलांची सीट मागून आणली आणि निखिलला लावायला सांगितली. पट्टे दोनदा ओढून बघितले.
'नाही आले तर संध्याकाळी परत देऊन टाकू,' म्हणाले, आणि सीटच्या शेजारी जाऊन बसले. निखिल हॉर्न वाजवतोय. निघते.