जरा इकडे द्या

सोमवार, ३
पोचले एकदाची! खानावळीच्या माडीवरची खोली मिळाली आहे. पलंग कुरकुरतो, पण खिडकीतून खालचं अख्खं स्वयंपाकघर दिसतं, म्हणजे मला लॉटरीच. परक्या माणसांना ओळखायचं तर त्यांच्या ताटात डोकावावं, या माझ्या लाडक्या वाक्यावर सगळा माहितीपट उभा आहे. धाकटी बहीण घरी बसून संकलन करणार आणि मला नावं ठेवणार. इथल्या मोठ्या पातेल्यातला रस्सा म्हणे कधी संपत नाही, चूलही विझत नाही. मालकीणबाईंनी मात्र मला बघून कपाळाला आठ्या घातल्या.

मंगळवार, ४
दिवसभर चित्रीकरण. स्वयंपाकीणबाई पातेल्यापाशी उभी, लांब दांड्याचा लाकडी डाव फिरवत. बोलत नाही. तिच्याशीही कोणी बोलत नाही. वाढपी येतात, भांडी भरतात, तिच्याकडे न बघता जातात. मी नाव विचारलं तर मालकीणबाई कडाडल्या, की स्वयंपाकघर दाखवायचं ठरलं होतं, चौकशा नाहीत. गिऱ्हाइकंसुद्धा माझ्याकडे अशी बघतात, जसं काही मी त्यांच्या ताटातलं उचलून खाल्लंय. रस्सा झकास. दोनदा घेतला.

बुधवार, ५
ढवळणाऱ्या माणसाला काय दिसतं, ते टिपायचं होतं. सकाळी छोटा कॅमेरा कपाळाला बांधला आणि स्वयंपाकीणबाईंना म्हटलं, जरा इकडे द्या, मी धरते. बाई थिजल्या. मग एकेक बोट उघडलं. डाव माझ्या हातात आल्याबरोबर त्या रडता रडता हसायला लागल्या आणि अनवाणीच बाहेर पळाल्या. जेवणारे उठून बघत राहिले. कॅमेऱ्यात सगळं आलं, मी जाम खूश. मग डाव ठेवायला गेले, तर मूठ उघडेना.

डाव्या हाताने लिहिते आहे. अक्षर कसंतरीच येतंय. तेल लावून पाहिलं, दांडा भिंतीवर आपटला. ओरडले. वाढप्यांनी भांडी भरली, माझ्याकडे न बघता गेले. शेवटी मालकीणबाई बोलल्या. तिने दिला नाही, तू मागितलास. आता दुसऱ्या कोणी आपणहून मागितला तरच सुटेल. इथलं कोणी मागणार नाही. आणि काय गं, चौकशा संपल्या का, असंही विचारलं.

शुक्रवार, ७
झोप नाही. हात थांबला की पातेल्याच्या तळाशी कोणीतरी डाव ओढतं. खूप जोर आहे त्याला. माडीवर फोन वाजतोय. धाकटीच. मालकीणबाई खाली बसून ऐकतात, उचलत नाहीत.

रविवार, ९
फोन बंद पडला. ती गप्प बसणारी नाही. येईल. येऊ दे — नको, देवा, नको. लहानपणी ताप आला तरी माझंच बोट धरून — नको म्हणतानाही, ती येईल या विचाराने हात थोडा हलका का होतो —

सोमवार
तिचा आवाज. दारात भांडतेय. मालकीणबाई किती गोड बोलतायत तिच्याशी. वाट दाखवतायत.

आत आली. गळ्यात पडून रडली. आता माझ्या हाताकडे बघतेय. म्हणते, ताई, किती दमलीस गं, जरा इकडे —

नको म्हणायचं आहे. एकच शब्द. मग मी लिहीत का बसले आहे — तिने दांडा धरला — अजून म्हणता येईल — माझं करंगळीचं बोट सुट