बिनखोकल्याच्या डंकावरचा माझा हक्क

दादर, ६ मे

ती. राजलक्ष्मीताईंना गुरुदत्तचा साष्टांग नमस्कार.

तुमचा गुडघा आता माहीमचा जिना चढू देतो का? मी बरा आहे. सुरुचीला जाऊन पाच महिने झाले. माझा भात हल्ली करपत नाही, कच्चा राहतो. प्रगती आहे.

तुमच्या बहिणीनं मिरची कुटायच्या डंकाला बसवलेलं ते झाकण (तिखटाची धूळ ओढून परत उखळात टाकणारं, त्यामुळे कोणी खोकत नाही) तुम्ही पाहिलंच आहे. त्याचं पेटंट तिच्यामागे माझ्या नावावर झालं आणि गेल्या महिन्यात मी ते वडाळ्याच्या एका कारखान्याला विकलं. सह्या झाल्यावर शेजारचा मार्क वकील म्हणाला, "अंकल, आता या यंत्रावर तुमचा हक्क संपला." विमा कचेरीत तीस वर्षं मी लोकांना सांगत आलो, की कागद पूर्ण वाचा. स्वतः मात्र तेवढं ऐकून घरी आलो. माझा हक्क नाही म्हणजे कोणाचाच नाही, असा मी हिशेब केला. म्हणजे सुरुचीनं स्वतः जोडून लालबागच्या रमाबाईंना विकलेला डंकही बंद! नोटीस येण्याआधी आपणच सांगावं, म्हणून गेलो.

मसाल्याचे दिवस, रांग रस्त्यापर्यंत. "ओ काका, मिरच्या कुठायत? हात हलवत मध्ये काय घुसताय?" मला वाद घालता येत नाही. समोरच्या दुकानातून दोन किलो बेडगी घेतली आणि शेवटी जाऊन उभा राहिलो. सव्वा तासानं नंबर आला.

"भाऊ, ह्या देठासकट कुटू? आणि भाजणार कोण?" रमाबाई म्हणाल्या.

मी म्हटलं, यंत्र बंद करावं लागेल. पेटंट विकलं गेलंय.

"विकलंत ना? मग विकलंत! हा डंक मी सुरुचीताईंकडून विकत घेतलाय. पावती आहे."

मागून एक बाई ओरडली, "बंद कसला करतायत? माझा अजून मालवणी मसाला राहिलाय!"

शेवटी मार्कला फोन लावला आणि रमाबाईंनी तो स्पीकरवर टाकला. "अंकल, तुम्ही फक्त नवीन यंत्र बनवायचा आणि विकायचा हक्क दिलात," तो म्हणाला. "विकलेलं यंत्र विकलेलं. पेटंट उद्या कोणाकडेही जाऊ दे, बाई मसाला कुटणार!" रांगेनं टाळ्या वाजवल्या. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मिरची झोंबली म्हणावं, तर तेवढी एक सबब तुमच्या बहिणीनं कायमची बंद करून ठेवलेली. सगळ्यांनी पाहिलं. रमाबाईंनी पाण्याचा तांब्या पुढे केला.

तुमचा,
गुरुदत्त

ता. क. दोन किलो मिरच्यांचे देठ काढून झाले. भाजायला बसलो, तर मजल्यावरचे सगळे खोकू लागले. बरणी पाठवतो. रंग थोडा काळा आहे.

ता. क. २. नोटिशीची काळजी वगैरे वर लिहिलं, ते अर्धंच खरं. डंक बंद पडला, की रमाबाई तो भंगारात काढतील आणि मी घरी आणीन, असं मनात होतं. तसं त्यांच्याकडे बोललोही. त्या म्हणाल्या, "देणार नाही. पण सोमवारी दुकान बंद असतं. सुरुचीताई तेल घालायला यायच्या, तुम्ही या." मी लगेच हो म्हटलं. ताई, तेल नेमकं कुठे घालायचं हे मी तिला कधी विचारलंच नाही. तुम्ही तिच्याबरोबर जायचात. या सोमवारी याल का? टॅक्सी मी आणीन, दुकानाला जिनाही नाही.